प्रत काढणे म्हणजे चोरी नव्हे

गेल्या गणपतीत आमच्या घरी एक खटला उभा राहिला. न्यायाधीश बाबा, आरोपी मी आणि मुद्देमाल म्हणजे बारा सेंटिमीटर व्यासाची एक चकचकीत तबकडी. वकील कुणालाच दिलेला नव्हता. आरत्या झाल्या, विसर्जन झाले, चाकरमानी आपापल्या गाड्यांनी परत गेले, तरी निकाल काही लागला नाही. बाबा अजूनही म्हणतात, "नक्कल ती नक्कलच." मी म्हणतो, "नक्कल खरी, पण चोरी नव्हे." घरात जे मला धड मांडता आले नाही ते इथे मांडून पाहतो. वाचकांनी पंच व्हावे.

आधी हकीकत सांगतो.

माझा दादा माझ्याहून पंधरा वर्षांनी मोठा. आयटीआय करून तो पुण्याला कारखान्यात लागला आणि २०१० च्या गणपतीला घरी आला तो प्लेस्टेशन २ नावाचे काळे यंत्र घेऊन. टीव्हीला जोडायचे, तबकडी घालायची आणि खेळायचे. यंत्र घेताना दुकानदाराने त्याला एक सल्ला दिला होता : आत एक चिप बसवून घे, म्हणजे पन्नास-साठ रुपयांच्या नकली सीड्याही त्यात चालतील, अस्सल गेमला उगाच कशाला पैसे घालवतोस? दादाला मोह झाला. परंतु त्याने दुकानातूनच घरी फोन लावला. बाबा प्राथमिक शिक्षक. गेम म्हणजे काय हे त्यांना ठाऊक नव्हते, पण नकली म्हणजे काय हे चांगले ठाऊक होते. ते म्हणाले, "एकच घे, पण पावतीचा घे."

दादाने एकच घेतला. त्याचे नाव 'देसी अड्डा'. हैदराबादच्या गेमशास्त्र ह्या संस्थेने तो बनवला आणि २००९ मध्ये तो बाजारात आला. परदेशी मोटारी आणि बंदुका यांच्या त्या दुनियेत ह्या गेममध्ये चक्क कबड्डी होती, पतंग होते आणि विटीदांडू होता! ओटीवरून आत येता येता आजीने पडद्यावरचा विटीदांडू पाहिला आणि ती उंबऱ्यावरच थबकली. "अरे, इटी अशी उडवतत काय? जरा हात वाकव मरे!" असे म्हणून तिने दादाच्या हातातला कंट्रोलर ओढून घेतला. बटणे तिला कळली नाहीत. ती तो कंट्रोलरच दांड्यासारखा फिरवू लागली. त्या गणपतीत सगळ्यात जास्त हसे कशाचे झाले असेल तर ह्याचे. आजीला जाऊन आता बरीच वर्षे झाली.

गेल्या वर्षी दादा आपल्या मुलाला घेऊन आला. पोर पाच वर्षांचे. "पणजी खेळली होती तो गेम तुला दाखवतो," असे दादाने त्याला वाटेत दहा वेळा सांगितलेले. माळ्यावरून यंत्र काढले, धूळ झटकली, तबकडी घातली. आतून घरघर ऐकू आली, थांबली, पुन्हा आली. पडदा काळाच. शेजारच्या वाडीतून दुसरी तबकडी आणून पाहिली, तीही वाचेना. म्हणजे दुखणे यंत्राच्या डोळ्याचे, अर्थात लेन्सचे. तबकडी वाचणारा तो लेसर वर्षानुवर्षांच्या वापराने मंदावतो. आमच्या टीव्ही दुरुस्तीवाल्याने तो स्पिरिटने पुसून पाहिला आणि मान हलवली. यात दोष कुणाचाच नाही. हे यंत्र जपानात २००० साली निघाले, जगभरात १६ कोटींच्या घरात खपले, आणि २०१२-१३ च्या सुमारास त्याचे उत्पादन थांबले. २०१८ मध्ये जपानातली दुरुस्तीची सेवाही बंद झाली. यंत्र म्हातारे होणारच.

तेव्हा मी म्हटले, "दादा, हा गेम संगणकावर चालवता येईल."

आजकालच्या लॅपटॉपला तबकडीची खाचच नसते. पण आमच्या गावात लग्नाच्या सीड्या करून देणारा एक फोटोवाला आहे, त्याच्या जुन्या संगणकाला डीव्हीडी ड्राइव्ह आहे. तबकडी घेऊन गेलो. पंधरा पावसाळे सोसलेली ती तबकडी. वेष्टणावर बुरशीचे ठिपके उठलेले. मऊ फडक्याने, मध्यापासून कडेकडे सरळ रेषेत पुसली. गोल गोल पुसू नये, कारण माहिती गोलाकार रेघांत लिहिलेली असते. रेघेच्या दिशेने चरा गेला तर सलग मजकूर जातो, आडवा गेला तर थोडा थोडा जातो आणि तेवढी तूट भरून काढण्याची सोय तबकडीतच असते. ड्राइव्हने वाचायला सुरुवात केली. मध्येच एका जागी अडकला. फोटोवाला म्हणाला, "गेली वाटते." मी काही बोललो नाही. पाचेक मिनिटांनी गाडी पुढे सरकली आणि अखेरीस तबकडीवरचा सगळा मजकूर एका फाइलमध्ये उतरला. तिला आयएसओ फाइल म्हणतात. खातरजमा म्हणून मी पुन्हा एकदा प्रत काढली आणि दोन्हींचे 'हॅश' जुळवून पाहिले. हॅश म्हणजे फाइलमधल्या सगळ्या अंकांवरून गणिताने काढलेली छोटीशी खूण. एक अंक जरी इकडचा तिकडे झाला तरी ही खूण बदलते. दोन्ही खुणा एक निघाल्या. बाबा बेरीज एकदा वरून खाली आणि एकदा खालून वर करायला लावत, त्यातलाच हा प्रकार.

आता फाइल आहे, पण ती खेळणार कशी? संगणकाला प्लेस्टेशनची भाषा कळत नाही. त्यासाठी मध्ये एक दुभाष्या लागतो, त्याला एम्युलेटर म्हणतात. ह्या यंत्रासाठी पीसीएसएक्स२ नावाचा प्रोग्रॅम आहे. कुणा हौशी मंडळींनी ह्या शतकाच्या सुरुवातीला तो लिहायला घेतला, तो फुकट मिळतो आणि त्याची घडण कुणालाही वाचता येते. मूळ यंत्राचा वेग जेमतेम २९५ मेगाहर्ट्झ आणि स्मृती ३२ मेगाबाइट. आजच्या साध्या मोबाइलपुढे ते अगदीच किरकोळ. तरीही ह्या दुभाष्याला चांगला दमदार संगणक लागतो, कारण प्रत्येक वाक्य ऐकायचे, उलथायचे आणि तत्क्षणी बोलायचे. दुभाष्याला नेहमीच वक्त्यापेक्षा जास्त श्रम पडतात.

रात्री आठ वाजता पडद्यावर 'देसी अड्डा' उमटला. पोराने टाळ्या पिटल्या. दादा काही न बोलता मागे भिंतीला टेकून बसला. आणि तेवढ्यात बाबा आले. त्यांनी विचारले, "केवढ्याला पडली ही नवी सीडी?"

"फुकट. जुनीचीच प्रत काढली."

बाबा पडद्याकडे पाहत म्हणाले, "म्हणजे तेव्हा नको म्हटलेली फुकटची सीडी पंधरा वर्षांनी घरात आलीच म्हणायची."

खटला सुरू झाला तो इथे.

बाबांच्या ह्या वाक्याने मी दुखावलो हे खरे. परंतु नंतर विचार करताना वाटू लागले की प्रश्न थेट आहे आणि त्याला उत्तर दिले पाहिजे. पन्नास रुपयांची नकली सीडी आणि माझी प्रत यांत फरक कोणता?

पहिला फरक असा. दादाने २०१० साली पैसे मोजले ते कशाचे? १.२ मिलिमीटर जाडीच्या प्लास्टिकचे नव्हेत. ते प्लास्टिक तर चार आण्यांचेही नसेल. पैसे मोजले ते खेळण्याच्या हक्काचे. तबकडी ही त्या हक्काची कुपी. डीव्हीडी असेल तर प्लास्टिकच्या दोन पातळ चकत्या चिकटवलेल्या असतात आणि मध्ये धातूचा पातळ थर असतो. चिकटवणीतून हवा-ओल शिरली की तो थर गंजतो. सीडीचे तर आणखी कठीण. तिच्यात तो थर छापील नावाच्या लगेच खाली असतो, त्यामुळे नावाच्या बाजूने चरा पडला तर सगळाच कारभार आटोपला. कुपी फुटली म्हणून आतल्या वस्तूवरचा माझा हक्कही फुटला, असे कोणता न्याय म्हणेल?

आपला कायदा तरी तसे म्हणत नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलम ५२ आहे. कोणत्या गोष्टींनी हक्कभंग होत नाही, त्यांची ती यादी. १९९४ च्या दुरुस्तीने तीत संगणक प्रणालीविषयी एक पोटकलम आले. त्याचा मथितार्थ असा की ज्याच्याजवळ प्रणालीची रीतसर प्रत आहे त्याने नाश, हानी वा नुकसान यांपासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रती काढल्या, आणि त्या मूळ हेतूपुरत्याच वापरल्या, तर तो गुन्हा नव्हे. कुणी वकील इथे दोन फाटे फोडू शकेल. एक, गेममध्ये प्रणालीखेरीज चित्रे आणि संगीतही असते, त्यांचे काय? दोन, गेम दिला होता प्लेस्टेशनवर खेळण्यासाठी. संगणकावर खेळणे हा तोच हेतू का? मी कायद्याचा विद्यार्थी नाही. पण चित्र वगळून राखीव प्रत काढा असे म्हणणे म्हणजे शाई वगळून पुस्तक जपा असे म्हणण्यासारखे आहे. आणि खेळण्याच्या वस्तूचा हेतू खेळणे हाच, असे मला वाटते.

दुसरा फरक कुलपाचा. नकली सीडी चालवायला यंत्रात चिप लागे. का? अस्सल तबकडीवर कारखान्यातच एक अशी खूण उमटवलेली असते की घरगुती ड्राइव्हला ती लिहिता येत नाही. यंत्र आधी ती खूण शोधते. नाही मिळाली तर दार उघडत नाही. चिप म्हणजे त्या राखणदाराच्या डोळ्यांवर बांधलेली पट्टी. मी कुणाच्या डोळ्यांवर पट्टी बांधली नाही. ह्या तबकडीवरचा मजकूर साधा डीव्हीडी ड्राइव्ह वाचू शकतो. तो मी वाचला. अर्थात प्रत्येक यंत्राची गोष्ट इतकी सोपी नाही. पुढच्या पिढीच्या प्लेस्टेशन ३ च्या तबकड्यांवरचा मजकूर कूटबद्ध आहे. २०१२ च्या दुरुस्तीने आपल्या कायद्यात कलम ६५अ आले. हक्कभंगाच्या हेतूने असे संरक्षण तोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड होऊ शकतो. तेव्हा माझा दाखला सगळ्यांनी सगळीकडे लावू नये.

आणि तो दुभाष्या? तो चोरीचा नव्हे का? अमेरिकेत ह्यावर एक गाजलेला खटला झाला. कनेक्टिक्स नावाच्या कंपनीने १९९९ मध्ये पहिल्या प्लेस्टेशनचे गेम मॅकिंटॉश संगणकावर चालवणारा प्रोग्रॅम विकायला काढला. सोनीने फिर्याद केली. २००० साली तिथल्या अपील न्यायालयाने कनेक्टिक्सच्या बाजूने कौल दिला : दुसऱ्याचे यंत्र कसे चालते हे समजून घेण्यासाठी वाटेत नक्कल करावी लागली तरी, त्यातून स्वतःची नवी वस्तू घडवली, तर तो न्याय्य वापर होय. तो निकाल आपल्यावर बंधनकारक नाही; पण त्यातला विचार मला पटतो. शेजाऱ्याची चूल पाहून आपण तशी चूल घातली तर ती चूल चोरीची होत नाही.

इथवर माझी बाजू मी जोरात मांडली. आता एक कबुली देतो. खटल्यात ती दडवली तर बाबांपुढे उभे राहता येणार नाही.

दुभाष्याला तबकडीच्या प्रतीखेरीज आणखी एक फाइल लागते. तिला बायोस म्हणतात. यंत्र सुरू होताच पहिल्यांदा जागी होते ती ही आज्ञावली. ती यंत्रातच असते आणि तिच्यावर कंपनीचा हक्क आहे. पीसीएसएक्स२ बनवणारे ती देत नाहीत; आपल्या यंत्रातून आपणच उतरवून घ्या, असे सांगतात. उतरवायला खटपट असते. आणि इंटरनेटवर ती एका टिचकीसरशी मिळते. त्या संध्याकाळी पोर रडवेले झालेले, दादाची सुट्टी दोनच दिवस उरलेली. मी टिचकी मारली. म्हणजे त्या रात्री पडद्यावर जे दिसले त्यात कबड्डी आणि विटीदांडू आमचे होते, पण दार उघडणारी किल्ली परक्याची होती. बाबांना हे तांत्रिक काही ठाऊक नव्हते. तरी त्यांचा नेम अंधारात बरोबर लागला होता.

पुढच्या आठवड्यात मी ती फाइल पुसली. एका मित्राकडून खास तयार केलेले मेमरी कार्ड आणले, आमच्याच यंत्राला लावले आणि आमच्याच यंत्रातली बायोस पेन ड्राइव्हवर उतरवली. यंत्राचा डोळा गेला होता, मेंदू शाबूत होता. दोन्ही फाइलींनी गेम सारखाच चालतो. मग ही यातायात कशाला, असे मित्र म्हणाले. माझे उत्तर एवढेच की आता मी बाबांच्या डोळ्याला डोळा देऊन बोलू शकतो.

कारण बाबांची भीती खोटी नाही. 'बॅकअप' ह्या शब्दाच्या आडून काय काय चालते हे आपण सारेच जाणतो. ज्याने आयुष्यात एक तबकडी विकत घेतली नाही तोही हार्ड डिस्कवरच्या दोनशे गेमना 'माझे बॅकअप' म्हणतो! अख्खे पुस्तक झेरॉक्स करून आणणारे आपण विद्यार्थी ह्यात फार साळसूद आहोत असेही नाही. हैदराबादच्या ज्या तरुणांनी विटीदांडू पडद्यावर आणला त्यांचीही चूल पगारावरच पेटत असणार. तेव्हा मी स्वतःपुरते तीन नियम घालून घेतले आहेत. मूळ तबकडी जवळ असेल तरच प्रत. ती प्रत कुणाला द्यायची नाही. आणि मूळ तबकडी विकली वा देऊन टाकली तर प्रत पुसायची. ह्या तीन नियमांत जी बसते ती राखीव प्रत. बसत नाही तिला दुसरे नाव आहे.

नियम केले आणि महिन्याभरात कसोटीची वेळ आली. वसतिगृहातल्या एका जिवलग मित्राने पेन ड्राइव्ह पुढे केला. "मलाही दे. माझ्या लहान भावाला दाखवीन. विकत मिळत असता तर घेतला असता, पण दुकानात हा गेम आता मिळतो तरी का?" मी शोध घेतला. नवा कोरा कुठे सापडला नाही. मी त्याला प्रत दिली नाही. भावाला घेऊन घरी ये आणि खेळ, असे म्हटले. तो आला नाही. नियमाने मी बरोबर वागलो, पण त्या रात्री मला समाधान वाटले नाही, हेही लिहून ठेवतो.

खरा पेच हा आहे. माझी प्रत माझ्यापुरती. पण माझ्यानंतर काय? व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन ह्या अमेरिकन संस्थेने २०२३ मध्ये एक पाहणी प्रसिद्ध केली. अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात रीतसर मिळतच नाहीत, असा तिचा निष्कर्ष. 'आलम आरा' हा आपला पहिला बोलपट १९३१ चा. त्याची एकही प्रत आज शिल्लक नाही. दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' आज आपल्याला पाहायला मिळतो तो अपुराच. त्या काळी कुणी चोरून का होईना एखादी प्रत ठेवली असती तर आज आपण त्याचे पाय धरले असते!

पण जपण्याचे काम चोरावर का सोपवावे? पुस्तकांच्या बाबतीत आपण ते ग्रंथालयांवर सोपवले आहे. १९५४ च्या कायद्याने भारतात छापलेल्या प्रत्येक पुस्तकाची एक प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाकडे आणि आणखी तीन ठरावीक ग्रंथालयांकडे पाठवावी लागते. शिवाय जे पुस्तक भारतात विकत मिळत नाही त्याच्या तीनपर्यंत प्रती सार्वजनिक ग्रंथालयाला स्वतःच्या वापरासाठी काढता येतात, अशी मुभा त्याच कलम ५२ मध्ये आहे. मात्र ही मुभा पुस्तकाला आहे, नकाशाला आहे, संगीताच्या सुट्या पानालाही आहे. गेमच्या तबकडीचा तिथे उल्लेख नाही. परदेशातही फारसे निराळे चित्र नाही. बाजारातून गेलेले गेम ग्रंथालयांनी अभ्यासकांना दुरून पाहू द्यावेत, एवढी मागणी अमेरिकेत झाली होती; ऑक्टोबर २०२४ मध्ये ती फेटाळली गेली. माझे म्हणणे असे की पुस्तकाला दिलेली ती तीन प्रतींची मुभा बाजारातून गेलेल्या गेमलाही द्यावी. माझ्या मित्राच्या भावाला मग माझ्या पेन ड्राइव्हची गरज पडणार नाही; तो ग्रंथालयात जाईल आणि उजळ माथ्याने खेळेल. ज्या गेमात आजीला तिचे लहानपण भेटले त्याची किंमत एखाद्या सुट्या पानाहून कमी नसावी.

आता तर तबकडीच जाऊ लागली आहे. गेम तारेवरून उतरवायचा, पैसे तारेवरून द्यायचे. निन्टेंडो कंपनीने आपल्या ३डीएस आणि वी यू ह्या यंत्रांचे तारेवरचे दुकान मार्च २०२३ मध्ये बंद केले. तिथे जे केवळ तारेवरच विकले जात होते ते त्या दिवसापासून नव्याने विकत घेता येत नाही. दादाच्या पिढीच्या हातात निदान एक वस्तू तरी आली. ती जपण्याचा हक्क आम्ही सोडून दिला तर पुढच्यांना जपायला काही उरणारच नाही.

बाबांचा निकाल अजून आलेला नाही, हे सुरुवातीलाच सांगितले. मात्र परवा एक गोष्ट घडली. कपाट आवरताना त्यांना तबकडीचे वेष्टण सापडले. आत घडी करून ठेवलेली ती पावती होती. बाबांनी चष्मा लावला, पावती उजेडात धरली, उलटी केली, पुन्हा सुलटी केली. कागद पांढराफटक. पंधरा वर्षांत त्यावरचे एकूण एक अक्षर उडून गेले होते. बराच वेळ ते त्या कोऱ्या कागदाकडे पाहत राहिले आणि मग स्वतःशीच बोलल्यासारखे म्हणाले,

"वेळेवर हिची झेरॉक्स काढून ठेवायला हवी होती."

मी काही बोललो नाही.